महिन्याचा हप्ता आणि वीस वर्षांची किंमत

गावात कोणी घरासाठी कर्ज काढतो आहे हे कळले, की पारावर, कटिंगच्या दुकानात, बाजाराच्या दिवशी ऑटोत त्याला पहिला प्रश्न एकच विचारला जातो : "हप्ता केवढा बसते?" व्याजाचा दर किती, तो बदलता आहे की कायम, मुदत किती वर्षांची, शेवटी एकूण भरायचे किती, हे सहसा कोणी विचारत नाही. विचारणाऱ्याला दोष देण्यात अर्थ नाही. कर्ज विकायला अंगणात येऊन बसणारा मुलगाही त्याच भाषेत बोलतो. "काकाजी, नऊ हजार तर आहे महिन्याचे, झेपते तुम्हाले." मोबाईलवर आकडा दाखवतो, आधार-पॅनचे फोटो काढतो आणि पुढच्या घरी जातो. वीस वर्षांचा व्यवहार अर्ध्या तासात एका आकड्यावर ठरून जातो.

माझे म्हणणे सरळ आहे. हप्त्यावरून कर्जाची किंमत ठरवण्याची ही रीत विदर्भातल्या खेड्यातल्या माणसाला शहरातल्या पगारदारापेक्षा कितीतरी महाग पडते. ती बदलण्याचा भार एकट्या कर्जदाराच्या शहाणपणावर टाकून चालणार नाही. कर्ज देणाऱ्या संस्था आणि सरकार या दोघांनी आपापल्या वाट्याचे काम केलेले नाही, आणि त्या न केलेल्या कामाचे पैसे कास्तकार भरतो आहे.

आधी साधा हिशेब मांडतो. दहा लाखांचे कर्ज, ९ टक्के व्याज, २० वर्षे मुदत. हप्ता बसतो ८,९९७ रुपये. २४० हप्ते भरून झाले की घराबाहेर गेलेली रक्कम होते २१ लाख ५९ हजार. म्हणजे मुद्दल दहा लाख आणि व्याज त्याहून जास्त, साडेअकरा लाखांवर. दर ठीकठाक, बँक चांगली, एकही हप्ता चुकला नाही, तरीही.

ही रक्कम कशी जाते ते पाहायचे असेल तर बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्यावा. त्यात २४० ओळी असतात. पहिल्या ओळीत ८,९९७ पैकी ७,५०० रुपये व्याजात गेलेले दिसतात आणि मुद्दलात जमा होतात १,४९७. दुसऱ्या ओळीत व्याज ७,४८९. तिसऱ्या ओळीत ७,४७७. महिन्याला अकरा-बारा रुपयांनी व्याज उतरते, एवढ्याच वेगाने. पानामागून पाने उलटली तरी व्याजाचा रकाना मुद्दलाच्या रकान्यापेक्षा जाडच राहतो. पाच वर्षे न चुकता हप्ते भरले की ५ लाख ४० हजार रुपये गेलेले असतात आणि कर्ज शिल्लक असते ८ लाख ८७ हजार. निम्मे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात. अगदी शेवटच्या ओळीत मात्र व्याज ६७ रुपये उरते.

यात फसवणूक नाही. जेवढी रक्कम बाकी तेवढ्यावर व्याज, हा हिशेब चोख आहे. पण तो आधी कोणी समजावून सांगितलेला नसतो, म्हणून सहाव्या वर्षी घरात आजारपण आले, किंवा लागोपाठ दोन हंगाम बुडाले आणि माणूस "कर्ज बंद करायला किती लागतील" हे विचारायला शाखेत गेला, की समोरचा आकडा ऐकून त्याला धक्का बसतो. साडेपाच लाख भरले आणि कर्ज जेमतेम लाख-सव्वा लाखाने उतरले, हे त्याला पटतच नाही. बँकेने लुबाडले असे वाटून तो गावभर तसे सांगतो. बँकेने लुबाडलेले नसते, पण सांगायला हवे ते सांगितलेलेही नसते.

मुदतीचा मुद्दा याहून महत्त्वाचा आहे, कारण कर्जदाराच्या हातात असलेली तेवढीच एक गोष्ट आहे. हेच दहा लाख १५ वर्षांसाठी घेतले तर हप्ता १०,१४३ रुपये होतो. महिन्याला सुमारे साडेअकराशे रुपये जास्त. आणि एकूण परतफेड १८ लाख २६ हजारांवर येते, म्हणजे तीन लाख तेहतीस हजार वाचतात. उलट दिशेने जाऊ. मुदत ३० वर्षे केली तर हप्ता ८,०४६ होतो. वीस वर्षांच्या हप्त्यापेक्षा ९५१ रुपये कमी, आणि एकूण परतफेड जवळपास २९ लाख! महिन्याच्या साडेनऊशे रुपयांच्या दिलाशासाठी सव्वासात लाखांच्या वर किंमत. "हप्ता जड वाटत असेल तर मुदत वाढवून देतो" हे वाक्य ऐकताना हा आकडा कानात असला पाहिजे. तो कर्ज देणाऱ्याने सांगितला पाहिजे, असे मी म्हणतो.

आपल्याकडे दामदुपटीचा जुना नियम होता. एका वेळी मागता येणारे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये, असे हिंदू कायदा सांगत असे. तो नियम थकलेल्या व्याजासाठी होता, दरमहा चुकते होणाऱ्या व्याजासाठी नव्हता, त्यामुळे आजच्या घरकर्जाला तो जसाच्या तसा लावता येत नाही हे मला मान्य आहे. तरीही एक गोष्ट त्यातून कळते. व्याज मुद्दलाच्या वर जाणे ही गोष्ट या समाजाला कधीकाळी इतकी गंभीर वाटली होती की तिला मर्यादा घातली गेली. आज वीस वर्षांच्या कर्जात ९ टक्के दरानेच ती रेषा ओलांडली जाते आणि सही करणाऱ्याला त्याचा पत्ताही नसतो.

पण ९ टक्के दर खेड्यात मिळतो कोणाला? इथे खरा प्रश्न सुरू होतो.

जिल्हा परिषदेचा शिक्षक, पोलीस, बँकेतला कर्मचारी तालुक्याच्या गावी एनए (बिगरशेती) झालेल्या ले-आउटमध्ये प्लॉट घेतो तेव्हा त्याला सरकारी बँक कर्ज देते. गावठाणातल्या वडिलोपार्जित जागेवर मातीचे घर पाडून स्लॅबचे घर बांधणाऱ्याकडे काय असते? ग्रामपंचायतीचा नमुना ८, घरपट्टीची पावती, आणि फार तर आजोबांच्या नावाचा एखादा जुना कागद. नमुना ८ हा कर आकारणीचा उतारा आहे, मालकीचा पुरावा नाही, असे म्हणून बँका हात वर करतात. वावरात घर बांधायचे म्हटले तर आणखी अडचण. २००२ च्या सरफेसी कायद्याखाली बँकेला न्यायालयात न जाता तारण जप्त करता येते, पण त्याच कायद्याच्या ३१ व्या कलमाने शेतजमिनीवरचे तारण त्यातून वगळले आहे. शेतकऱ्याची जमीन वाचावी म्हणून ही सूट आहे आणि ती असलीच पाहिजे. तिचा दुसरा परिणाम असा, की शेतजमिनीवरच्या घराला कर्ज द्यायला बँक तयार होत नाही.

मग माणूस गृहवित्त कंपन्यांकडे वळतो. त्या नमुना ८ वर कर्ज देतात, किराणा दुकानाचे, दुधाचे, ट्रॅक्टरच्या भाड्याचे तोंडी उत्पन्न धरतात, घरी येऊन काम करतात. हे काम बँका करत नाहीत, म्हणून त्या कंपन्यांना शिव्या देऊन भागणार नाही. पण दर बारा-चौदा टक्के, कधी त्याहूनही वर. दहा लाखांवर १३ टक्के दराने २० वर्षांचा हप्ता ११,७१६ रुपये बसतो आणि एकूण परतफेड २८ लाख १२ हजार होते. ९ टक्केवाल्यापेक्षा साडेसहा लाख जास्त. हे साडेसहा लाख कशाबद्दल? हा माणूस हप्ते चुकवणारा आहे म्हणून नव्हे. त्याच्या घराखालच्या जागेची मोजणी झाली नाही, वारसांची नोंद झाली नाही, मालकी दाखवणारे सरकारी मालमत्ता पत्रक मिळाले नाही म्हणून. सरकारी नोंद अपुरी आहे त्याचा दंड वीस वर्षे तो भरत राहतो. या एका गोष्टीबद्दल मला सगळ्यात जास्त राग आहे.

केंद्र सरकारने २४ एप्रिल २०२० ला स्वामित्व योजना सुरू केली. ड्रोनने गावठाणाची मोजणी करायची, नकाशा करायचा, प्रत्येकाला मालमत्ता पत्रक द्यायचे आणि त्यावर बँकेचे कर्ज मिळावे, हा तिचा जाहीर उद्देश. उद्देश उत्तम. पण पत्रक हातात पडणे आणि त्यावर कर्ज मिळणे यांत अंतर आहे. चार भावांच्या नावाचे पत्रक निघते, त्यातला एक पुण्याला, एक सुरतेला. वाटणीपत्र नोंदवलेले नसते. बहिणींची हक्कसोड झालेली नसते. बँकेचा वकील शेरा मारतो आणि प्रकरण परत येते. म्हणून माझी मागणी आहे, की ज्या गावांत मोजणी झाली तिथे भूमी अभिलेख, महसूल आणि ग्रामपंचायत यांनी एकत्र बसून वारसनोंदीची शिबिरे घ्यावीत, आणि जिल्ह्यातल्या बँकांचा मेळ घालणाऱ्या अग्रणी बँकेच्या जिल्हास्तरीय बैठकीत "मालमत्ता पत्रकावर किती घरकर्जे दिली" हा आकडा बँकनिहाय विचारला जावा. पीककर्जाचा आकडा दरवर्षी विचारला जातोच. हा का विचारू नये?

दुसरी गोष्ट बदलत्या दराची. गृहकर्जे बहुतेक बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी कर्जे रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्या) बाहेरच्या मापाला बांधली गेली. मे २०२० पासून दोन वर्षे रेपो ४ टक्के होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत तो ६.५ टक्क्यांवर गेला. ज्याने २०२१ मध्ये ७ टक्के दराने दहा लाख घेतले होते त्याचा हप्ता ७,७५३ होता. दीड वर्षाने त्याची बाकी साधारण ९ लाख ६४ हजार. तिथे दर एकदम अडीच टक्क्यांनी वाढला असे धरू. आता महिन्याचे व्याजच ७,६२९ झाले. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात सव्वाशे रुपये, आणि कर्ज फिटायला आणखी जवळपास चव्वेचाळीस वर्षे! प्रत्यक्षात दर टप्प्याटप्प्याने वाढला आणि बँकांनी बऱ्याच ठिकाणी हप्ताही वाढवला. पण "हप्ता वाढला नाही" म्हणून निश्चिंत राहिलेल्यांची मुदत मागच्या मागे किती लांबली ते अनेकांना आजही ठाऊक नाही. पासबुकात हप्ता दिसतो, उरलेले महिने दिसत नाहीत.

रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये यावर नियम केला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारले पाहिजे. काही रक्कम आधी भरण्याचा मार्गही त्याला दिला पाहिजे. कायम दराकडे वळण्याचा मार्ग देण्याची सक्ती मात्र ऑक्टोबर २०२५ पासून राहिलेली नाही, ते कर्ज देणाऱ्याच्या मर्जीवर आहे. नियम चांगला आहे. पण विचारणे म्हणजे इंग्रजीतला एसएमएस पाठवणे, असा अर्थ लावला तर त्याचा खेड्यात उपयोग शून्य. शिवाय गृहवित्त कंपन्यांना बाहेरच्या मापाची सक्ती नाही. त्या स्वतःचा मूळ दर ठरवतात. २०२५ मध्ये रेपो खाली आला तेव्हा बँकेच्या कर्जदाराला त्याचा फायदा पोहोचला. कंपनीच्या कर्जदाराला तो पोहोचलाच पाहिजे असे बंधन नाही. रेपो वाढतो तेव्हा मात्र पैसा महाग झाला म्हणून तिचा मूळ दरही चढतो.

आता हंगामाचा प्रश्न. माझ्या मते विदर्भासाठी हाच सगळ्यात मोठा आहे, आणि यावर सगळ्यात कमी बोलले जाते.

हप्ता दरमहा पाच किंवा दहा तारखेला खात्यातून कापला जातो. कास्तकाराच्या घरी पैसा दरमहा येत नाही. सोयाबीन ऑक्टोबरात निघते. कापसाची वेचणी दिवाळीच्या आसपास सुरू होते आणि चुकारा हाती येता येता डिसेंबर-जानेवारी उजाडतो. तूर त्यानंतर. पाच एकर कोरडवाहूत एकरी सहा क्विंटल कापूस धरला, भाव सात हजार धरला, तर दोन लाख दहा हजार येतात. बियाणे, खत, फवारणी, निंदण, वेचणी यांत निम्मे तरी जातात. उरलेल्या लाखभर रुपयांत वर्षाचा संसार, आणि घराचे वर्षाचे हप्ते होतात एक लाख आठ हजार. म्हणजे नुसत्या शेतीवर हे कर्ज उभे राहूच शकत नाही. सोबत दुकान, ऑटो, मुलाची कंपनीतली नोकरी असे काही लागते. आणि ते असले तरी जून ते ऑक्टोबर हा काळ कोरडाच. पेरणी, शाळेची पुस्तके, पोळा, दवाखाना, सगळे याच दिवसांत.

मग या महिन्यांचे हप्ते कसे जातात? उसनवारीने. बचत गट, सोनार, किंवा गावातला पैसेवाला. भाव शेकडा तीन रुपये महिना, म्हणजे वर्षाला छत्तीस टक्के. जुलै ते ऑक्टोबर हे चार हप्ते असे काढले आणि जानेवारीत फेडले, तर नुसते वरचे व्याज वर्षाला ४,८६० रुपये होते. वीस वर्षांत सत्त्याण्णव हजार. बँकेच्या कुठल्याही कागदावर हा खर्च दिसत नाही, पण घराच्या किमतीत तो आहेच. उसने मिळाले नाही आणि हप्ता परत गेला तर बाउन्सचा आकार दोन्हीकडून, सिबिल, म्हणजे कर्जफेडीची पत, खराब, आणि नव्वद दिवस थकले की खाते एनपीए, म्हणजे थकीत.

पीककर्जाला हा न्याय लावला जात नाही. तिथे खाते थकीत धरताना पिकाचा हंगाम मोजला जातो, कारण शेतीचा पैसा हंगामाने येतो हे बँकिंगला मान्य आहे. घरकर्जाच्या बाबतीतही हे तत्त्व नवे नाही. इंदिरा आवास योजना आणि सुवर्णजयंती ग्रामीण गृहवित्त योजनेखाली शेतकऱ्यांना दिलेल्या कर्जांचे व्याज आणि हप्ते पीकचक्राशी जोडावेत, असे रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलेले आहे. मग तेच तत्त्व गावठाणात घर बांधणाऱ्या प्रत्येक कास्तकाराला का लागू होऊ नये? जानेवारीत मोठा हप्ता, मे महिन्यात मध्यम, पावसाळ्यात फक्त व्याज, अशी रचना करायला संगणकाला एक मिनिट लागते. बँकेला व्याज कमी मिळणार नाही, बुडीत कर्जे मात्र कमी होतील. यासाठी कोणाकडून अनुदान मागायचे नाही.

बांधकामाच्या काळातला खर्च वेगळाच. कर्ज टप्प्याने मिळते. पाया झाला की थोडे, स्लॅब पडला की थोडे. तोवर उचललेल्या रकमेवर नुसते व्याज भरायचे. पाच लाख उचलले असतील तर ९ टक्क्यांनी महिन्याला ३,७५० रुपये, त्यातून मुद्दल एक पैसाही उतरत नाही. रेती घाटाचे लिलाव रखडले, रेतीचा भाव आभाळाला भिडला, सेंट्रिंगवाला दुसऱ्या कामावर गेला, मधेच पावसाळा लागला, की घर वर्षभर लांबते आणि पंचेचाळीस हजार असेच जातात. रेती वेळेवर न मिळण्याची झळ घरकर्जाच्या हिशेबात अशी बसते. सरकारी घरकुलाच्या अनुदानात भर घालून दोन खोल्या जास्त काढणाऱ्यांनाही हेच भोगावे लागते.

विम्याकडेही नीट पाहायला हवे. कर्जदार दगावला तर घर कुटुंबाकडे राहावे म्हणून विमा असणे चांगलेच. पण एकरकमी हप्त्याचा विमा कर्जातच मिळवून टाकतात आणि बहुतेकांना ते कळत नाही. चाळीस हजारांचा विमा कर्जात गेला की २० वर्षांत तो ८६ हजारांना पडतो. त्याशिवाय प्रक्रिया शुल्क, वकिलाची आणि मूल्यांकनाची फी, गहाणखताचा मुद्रांक. हातात पडते साडेनऊ लाख, व्याज लागते दहा लाखांवर.

या सगळ्यावर शिकलेल्या लोकांकडून ठरलेली उत्तरे येतात. घराची किंमत वाढते, महागाईने पुढचे हप्ते हलके होतात, टॅक्स वाचतो. नागपुरात मेट्रोच्या कडेला फ्लॅट घेणाऱ्याच्या बाबतीत यातले पहिले खरे असेल. खेड्यात गावठाणातल्या घराला गिऱ्हाईक कोण? पंधरा लाखांचे घर अडचणीत विकायला काढले तर निम्मेही येतील याची शाश्वती नसते, आणि भाड्याने देतो म्हटले तर भाडेकरू नाही. ते घर राहण्यासाठीच आहे, गुंतवणूक म्हणून नाही. महागाईने हप्ता हलका होण्यासाठी उत्पन्नही महागाईबरोबर वाढावे लागते. सोयाबीन २०२१ मध्ये काही बाजारांत दहा हजारांवर गेले होते. २०२४ च्या हंगामात ते ४,८९२ च्या हमीभावाखाली विकावे लागले. ज्याने २०२१ चा भाव पाहून कर्ज उचलले त्याचा हप्ता हलका झाला की जड? आणि टॅक्सची सवलत शेती उत्पन्नाला लागूच नाही, कारण त्यावर आयकरच नाही. नव्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट पगारदारालाही मिळत नाही.

आणखी एक समज तर धोक्याचा आहे. २००८, २०१७, २०१९ च्या कर्जमाफ्या लोकांच्या लक्षात आहेत. "निवडणुकीत माफ होते" असे बोलले जाते. त्या माफ्या शेतीकर्जाच्या होत्या. घरकर्ज त्यांत नव्हते. पीककर्जासारखे मार्चमध्ये नवे-जुने (जुने फेडून लगेच नवे उचलणे) करूनही ते पुढे ढकलता येत नाही.

कर्ज काढूच नये असे मी म्हणत नाही. कुडाच्या, कवेलूच्या घरात पावसाळा काढणाऱ्या बाईला पक्के छप्पर आज हवे आहे, पैसे साठवून वीस वर्षांनी नव्हे. तो हक्क आहे. म्हणूनच त्या छपराची पूर्ण किंमत तिला आधी कळली पाहिजे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासाठी मुख्य तथ्य पत्रक देणे बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो, ते कर्जदाराला समजेल त्या भाषेत हवे, आणि विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळाले पाहिजेत. म्हणजे कागदावर हक्क आलेला आहे. तो अंगणापर्यंत यावा यासाठी, मराठीतले पत्रक नवरा-बायको दोघांसमोर वाचून दाखवल्याशिवाय आणि "एकूण परतफेड" हा आकडा हप्त्याइतक्याच मोठ्या अक्षरात छापल्याशिवाय सही घेता येणार नाही, असा नियम करावा. बचत गटाच्या प्रेरिका, ग्रामपंचायतीचा संगणक चालक यांना हे पत्रक वाचायला शिकवणे ही एका दिवसाची गोष्ट आहे. बचत गटांसाठीच्या उमेद या सरकारी अभियानाच्या प्रशिक्षणात ती सहज बसते.

ज्यांचे कर्ज आज चालू आहे त्यांनी हे नियम येण्याची वाट पाहू नये. शाखेत जाऊन उरलेले महिने आणि आजचा दर लेखी मागावा. बदलत्या दराचे घरकर्ज वैयक्तिक असेल तर आधी पैसे भरण्यावर दंड लावता येत नाही, हे लक्षात ठेवावे. वर मांडलेल्या दहा लाखांच्या कर्जात दर जानेवारीला कापसाच्या चुकाऱ्यातून २५ हजार जास्तीचे भरले, तर २० वर्षांचे कर्ज पावणेतेरा वर्षांत संपते आणि साडेचार लाखांवर रक्कम वाचते. २५ हजार जमत नसतील तर एक जादा हप्ता भरावा. तरी साडेतीन वर्षे कमी होतात. मात्र भरताना अर्जावर स्पष्ट लिहावे, की रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी. तसे लिहिले नाही तर काही ठिकाणी ती पुढचे हप्ते आगाऊ आले म्हणून धरली जाते, आणि व्याज जसेच्या तसे चालू राहते.

शेवटचा हप्ता गेल्यावरही काम संपत नाही. कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत करणे कर्ज देणाऱ्यावर बंधनकारक आहे. त्याच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते, हा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे. कागद घेऊन लगेच मालमत्ता पत्रकावरचा किंवा ग्रामपंचायतीच्या नोंदीतला बोजा कमी करून घ्यावा, नाहीतर मुले वाटणी करायला जातील तेव्हा फिटलेले कर्ज उताऱ्यावर उभेच असेल. बोजा चढवताना जशी बँक स्वतः पत्र देते, तसा तो उतरवण्याचे पत्रही तिनेच थेट संबंधित कार्यालयाला पाठवावे. सत्तरीला आलेल्या बापाला त्यासाठी तालुक्याच्या चकरा मारायला लावू नयेत.